प्राणी जेव्हा पात्र होतो : बालकथा आणि विनोदी पुस्तके लिहिणाऱ्यांसाठी

काही वर्षांपूर्वी मी लिहिलेल्या एका बालकथेत कासव उन्हाने हैराण होऊन पाठीवरचे कवच काढते, ते फांदीला टांगते आणि तळ्यात सूर मारते. हा प्रसंग मला फार विनोदी वाटला होता. गोष्ट वाचून दाखवत असताना समोर बसलेल्या सात-आठ वर्षांच्या मुलीने विचारले, "मग त्याच्या फासळ्या पण फांदीलाच टांगल्या का?" तिचे बरोबर होते. कासवाचा पाठीचा कणा आणि फासळ्या कवचाशी एकजीव झालेल्या असतात, त्यामुळे कवच उतरवणे म्हणजे निम्मा सांगाडा उतरवणे होय. गोष्ट दुरुस्त करायला बसलो तेव्हा लक्षात आले की, मी बाहेरून आणलेल्या गमतीपेक्षा कितीतरी मोठी गंमत त्या प्राण्याच्या अंगातच पडून होती. बाकीचे प्राणी एकेक करून कपडे काठावर टाकून पाण्यात उतरत आहेत, आणि याच्या अंगात जन्मभर न निघणारा कोट आहे.

पुढे सांगितलेली पद्धत त्या दुरुस्तीतून तयार झाली. आधी प्राण्याचे शरीर आणि सवयी नीट पाहायच्या, मग त्यात माणूसपण मोजून घालायचे, आणि या दोहोंची जिथे टक्कर होते तिथे विनोद आणि कथानक शोधायचे, असा तिचा क्रम आहे. उदाहरणासाठी मी एकच पात्र शेवटपर्यंत सोबत ठेवले आहे, म्हणजे कोणत्या पायरीवर त्यात काय भर पडली हे दिसेल.

पहिली पायरी : प्राणी नेमका ठरवा आणि त्याचे एक पान लिहा

"एक घुबड होते" असे लिहिले की चष्मा लावून जाडजूड पुस्तक वाचणारे शहाणे घुबड आपोआप डोळ्यांपुढे उभे राहते, कारण ते आपण शेकडो चित्रांत पाहिलेले असते. ते दुसऱ्याने तयार केलेले पात्र आहे. म्हणून प्राण्याची जात ठरवल्याशिवाय पुढे जाऊ नये. पिंगळा, हुमा घुबड, शृंगी घुबड आणि गव्हाणी घुबड ही सगळी घुबडेच. पण त्यांचा आकार, आवाज, भक्ष्य आणि राहण्याची जागा वेगवेगळी असते. मी गव्हाणी घुबड निवडतो. पडक्या इमारती, कोठारे आणि मनोरे यांच्या आडोशाला ते राहते, त्याचा चेहरा पांढरट आणि बदामाच्या आकाराचा असतो, आणि घुत्कार करण्याऐवजी ते अंगावर काटा आणणारी कर्कश किंचाळी मारते. म्हणजे 'हूऽ हूऽ' हा घुबडाचा ठरलेला आवाज या पात्राला शोभणार नाही, हे पहिल्याच दिवशी कळले.

आता एक कोरे पान घ्यावे आणि त्यावर कथा न लिहिता फक्त माहिती लिहावी. हा प्राणी झोपतो कधी आणि कसा? जगाची खबर त्याला कोणत्या इंद्रियातून लागते? तो काय खातो आणि त्याला कोण खाते? त्याला काय अजिबात करता येत नाही? शेवटचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा आहे, कारण विनोदाचा साठा बहुधा त्याच उत्तरात असतो. माझ्या घुबडाच्या पानावर पुढील गोष्टी आल्या. त्याचे डोळे चेंडूसारखे गोल नसून नळीसारखे असतात आणि खोबणीत घट्ट बसलेले असतात, त्यामुळे त्याला बुबुळे फिरवून इकडेतिकडे बघता येत नाही. त्याची भरपाई मान करते. माणसाच्या मानेत ७ मणके असतात, घुबडाच्या मानेत १४, आणि ती मान एका बाजूला सुमारे २७० अंशांपर्यंत वळते. त्याचा एक कान दुसऱ्यापेक्षा थोडा वर असतो, म्हणून पाचोळ्याखालची खसखस नेमकी कुठून आली हे त्याला काळोखातही कळते. पिसांच्या मऊ झालरीमुळे त्याच्या उडण्याचा आवाज जवळजवळ होत नाही. छोटे भक्ष्य ते अख्खे गिळते, आणि न पचलेली हाडे व केस यांची गोळी काही तासांनी तोंडातून बाहेर टाकते. अगदी जवळचे त्याला अंधुक दिसते. घुबडाला चष्मा लावणाऱ्या चित्रकारांनी नकळत खरेच काढले असे म्हणावे लागेल. पुस्तक वाचायचे ठरवले तर त्या बिचाऱ्याला चाळिशी लागणारच.

हे पान भरायला दोन दिवस लागले तरी हरकत नाही. शक्य असेल तर प्राणी प्रत्यक्ष पाहावा, निदान त्याच्या चालण्याचे चित्रीकरण आवाज बंद करून पाहावे. निवेदकाचा आवाज चालू असला की आपण प्राणी पाहत नाही, निवेदन ऐकतो.

दुसरी पायरी : तयार ठशाचे काय करायचे ते ठरवा

कोल्हा लबाड, ससा भित्रा, गाय गरीब, गाढव मूर्ख, हे ठसे भाषेतच मुरलेले आहेत. नवा लेखक एकतर ते तसेच वापरतो किंवा सरळ उलटे करतो, म्हणजे शूर ससा आणि प्रामाणिक कोल्हा. उलटा ठसाही ठसाच असतो, आणि वाचकाला तो दुसऱ्या पानावर कळतो.

जुन्या कथांना हे चांगले ठाऊक होते. पंचतंत्राच्या पहिल्या तंत्रात, म्हणजे मित्रभेदात, करटक आणि दमनक असे दोन कोल्हे आहेत. दोघे एकाच जातीचे आणि एकाच दरबारातून बाजूला पडलेले. पण दमनकाला राजाच्या जवळ जायची घाई आहे, तर करटक त्याला 'नसत्या भानगडीत पडू नकोस' म्हणून आवरू पाहतो. तिथला सिंह पिंगलक तर पाण्याला गेला असताना संजीवक बैलाची डरकाळी ऐकून घाबरतो आणि परत फिरतो. आठव्या शतकात या कथा अरबीत गेल्या तेव्हा ग्रंथाला नावही या दोन कोल्ह्यांवरूनच पडले, 'कलीला व दिम्ना'. जातीला स्वभाव नसतो, पात्राला असतो, इतकेच यावरून घ्यायचे. एकाच जातीचे दोन प्राणी कथेत ठेवून त्यांचे एकमेकांशी न पटणे दाखवले, तर ठसा आपोआप विरघळतो.

ठसा फेकून देण्याचीही गरज नाही. तो इतर पात्रांच्या तोंडी ठेवावा. प्राचीन अथेन्सच्या नाण्यांवर अथीना देवीचे घुबड होते आणि तिथून पुढे युरोपातल्या गोष्टींत ते ज्ञानी ठरले. मराठीत मात्र घुबड म्हटले की अशुभ, आणि माणसाला घुबड म्हणणे ही शिवी. माझ्या कथेत शेजारीपाजारी घुबडाला बघून वाट बदलतात, पण अडचण आली की रात्री गुपचूप त्याच्याकडेच सल्ल्याला येतात. दोन्ही ठसे वापरले गेले, आणि घुबड मात्र या दोन्हींना कंटाळलेले एक स्वतंत्र व्यक्तिमत्त्व राहिले.

तिसरी पायरी : माणूसपणाचे माप ठरवा

प्राण्याला किती माणूस करायचे, याच्या ढोबळ चार पातळ्या करता येतात. पहिल्या पातळीवर प्राणी प्राण्यासारखाच वागतो, बोलत नाही, आणि त्याच्या मनातले फक्त निवेदक सांगतो. दुसऱ्या पातळीवर प्राणी आपसांत बोलतात, पण बिळात, घरट्यात, पाण्यात राहतात आणि स्वतःचेच अन्न खातात. तिसऱ्या पातळीवर त्यांच्याकडे व्यवसाय, वस्तू आणि नियम येतात, पण शरीर प्राण्याचेच राहते. चौथ्या पातळीवर कपडे, कार्यालये, वाहने सगळे येते आणि प्राणी म्हणजे जवळजवळ शेपटी असलेला माणूस होतो. कोणतीही पातळी चांगली किंवा वाईट नाही. पण एकदा ठरवलेली पातळी कथेच्या मध्यावर बदलली, तर मूल लगेच पकडते. एक कुत्रा खुर्चीत बसून वर्तमानपत्र वाचत असताना दुसरा कुत्रा दारात साखळीला बांधलेला असेल, तर त्या दोघांत फरक का, याचे उत्तर कथेत असलेच पाहिजे.

मला तिसरी पातळी सर्वांत फलदायी वाटते, कारण माणसाचे काम आणि प्राण्याचे अंग यांची ओढाताण तिथे सर्वांत जास्त होते. माझे घुबड गुप्तहेर आहे. निःशब्द उडणे, काळोखात ऐकू येणे, हे सारे गुण या धंद्याला अगदी योग्य. उलट तिरक्या डोळ्याने पाहणे, डोळ्याच्या कोपऱ्यातून नजर टाकणे, हे जे प्रत्येक गुप्तहेर करतो ते त्याला जन्मात जमणार नाही. संशय आला की अख्खी मान संशयिताकडे वळणार, आणि संशयिताला ते पन्नास फुटांवरून कळणार.

याच पायरीवर जेवणाचा प्रश्न सोडवावा लागतो. बोलणाऱ्या प्राण्यांच्या कथेत कोण कोणाला खातो, हा प्रश्न टाळणारे लेखक पुष्कळ आहेत, पण मुले तो टाळत नाहीत. लांडगा आणि शेळी शेजारी असतील तर लांडगा रात्री काय जेवतो? उत्तरे तीन-चारच आहेत. शिकार कथेच्या चौकटीबाहेर ठेवायची आणि तिचा उल्लेखच करायचा नाही. किंवा बोलणारे प्राणी एकमेकांना खात नाहीत आणि किडे, मासे बोलत नाहीत असे ठरवायचे. किंवा तो धोका उघड मान्य करून त्यावर नियम बसवायचा. पहिले उत्तर अगदी लहान मुलांच्या कथेला चालते. दुसरे सोयीचे आहे, पण एखाद्या माशाने तोंड उघडले की सगळा डोलारा कोसळतो. तिसऱ्यात विनोद आहे. माझ्या गुप्तहेराचे साक्षीदार उंदीर, चिचुंद्र्या आणि बेडूक, म्हणजे त्याचे रोजचे जेवणच आहे. 'उंदराला मांजर साक्ष' म्हणतात, इथे मांजराला उंदीर साक्ष द्यायची वेळ आली आहे. म्हणून मी एकच नियम केला : कामाच्या वेळात ते कोणालाही खात नाही. कामाची वेळ संपली की मात्र नियमही संपतो.

चौथी पायरी : लिंग, संबोधन आणि नाव

ही पायरी मराठीत लिहिणाऱ्याला स्वतंत्रपणे विचारात घ्यावी लागते, आणि मार्गदर्शन करणारे बहुतेक लोक ती विसरतात. आपल्याकडे क्रियापद पात्राचे लिंग उघड करते. ससा, कोल्हा, डास, पोपट हे पुल्लिंगी. खार, मुंगी, पाल, सुसर, गोगलगाय या स्त्रीलिंगी. आणि कासव, माकड, अस्वल, हरीण, घुबड, वटवाघूळ हे नपुंसकलिंगी. लेखकाने काहीच ठरवले नाही, तर भाषाच ठरवून मोकळी होते, आणि मग जंगलातल्या सगळ्या खारी बायका आणि सगळे कोल्हे पुरुष होतात. 'अस्वल म्हणाले' हे वाक्य दोन पानांनंतर परके वाटू लागते, कारण आपण जिवाभावाच्या माणसाबद्दल नपुंसकलिंगात बोलत नाही. लहान मूल मात्र याला अपवाद, आणि म्हणूनच पिल्लू, कोकरू, शिंगरू, वासरू या पात्रांना नपुंसकलिंग फार गोड शोभते.

भाषेचे लिंग आणि निसर्गातले लिंग यांची गाठ कधी पडते, कधी पडत नाही. मुंगी स्त्रीलिंगी आहे आणि कामकरी मुंग्या खरोखर सगळ्या माद्याच असतात. डास पुल्लिंगी आहे, पण चावते ती फक्त मादी, म्हणजे बिचाऱ्या नराला व्याकरणामुळे फुकटची बदनामी मिळाली आहे. कवींनी आणि गोष्टी सांगणाऱ्यांनी कोकिळेला गायिका केले. प्रत्यक्षात 'कुहू कुहू' करतो तो काळाभोर नर, आणि ठिपकेदार तपकिरी मादीचा आवाज 'किक् किक्' असा तुटक असतो. अशी प्रत्येक विसंगती ही कथेची आयती सामग्री आहे.

संबोधनाचेही तसेच आहे. 'वाघ आला' आणि 'वाघोबा आले' यांत दरबाराचा फरक आहे. उंदीर मांजराला 'आपण' म्हणतो, मांजर उंदराला 'तू' म्हणते, आणि एके दिवशी उंदीर चुकून 'तू' म्हणून जातो, एवढ्यावर एक अख्खा प्रसंग उभा राहतो. निवेदकालाही हे साधन वापरता येते : "वाघोबा आले, त्यांनी मिशांवर हात फिरवला, ते ऐटीत दोन पावले पुढे सरकले आणि चिखलात घसरून पडला." शेवटच्या क्रियापदाने त्यांचा आदर काढून घेतला. ही गंमत फार वेळा करू नये. एका पुस्तकात एकदाच पुरते.

नाव ठेवताना सशाला सशासारखे आणि माकडाला माकडासारखे यमक जुळवून ठेवलेले नाव मी टाळतो, कारण ते नाव पात्राबद्दल नवीन काहीच सांगत नाही. प्राण्याच्या जातीतून माणसांच्या आडनावासारखे काही निघाले तर ते उत्तम. माझ्या गव्हाणी घुबडाचे नाव गव्हाणेबाई झाले. नाव ठरताच नपुंसकलिंगाचा प्रश्न सुटला, आदरार्थी अनेकवचन आले, आणि सरळ पाठीने बसणारी, कमी बोलणारी, समोरच्याला धाक वाटेल अशी एक बाई मला दिसू लागली.

पाचवी पायरी : विनोद अंगातून काढा

प्राण्याला टोपी घालणे, त्याला सायकलवर बसवणे, त्याला घसरून पाडणे, हा विनोद चित्रात चालतो, पण गोष्टीत एका ओळीत संपतो. टिकणारा विनोद तेव्हा होतो, जेव्हा पात्र अगदी गंभीरपणे माणसाचे काम करू पाहते आणि त्याचे शरीर त्याला करू देत नाही, किंवा भलत्याच रीतीने करू देते. सिंह दिवसातले १६ ते २० तास झोपतो. अशा राजाचा दरबार भरणार कधी? मोराचा पिसारा विणीचा हंगाम संपला की दरवर्षी गळून जातो. मग नृत्यशिक्षक मोर ते महिने काय शिकवत असेल? जिराफाच्या मानेतही माणसासारखे ७ मणकेच असतात आणि पाणी पिताना त्याला पुढचे पाय फाकवावे लागतात. सभेत पाण्याचा पेला ठेवला असेल तर भाषण देणाऱ्या जिराफाचा घसा कोरडाच राहणार. मधमाशी फुलांचा पत्ता नाचून सांगते, आणि तो नाच उलगडणाऱ्या कार्ल फॉन फ्रिश यांना १९७३ साली नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. ज्या गावात पोस्टमन मधमाशी आहे तिथे पत्ता विचारणाऱ्याने काय करायचे? मांजराला गोड चव कळतच नाही, कारण ती ओळखणाऱ्या जिभेवरच्या ग्राहीसाठी लागणारे एक जनुक त्याच्यात निकामी आहे. त्यामुळे गोडाचा डबा फोडल्याचा आळ मांजरावर आला, तर त्याची बाजू मांडणाऱ्या वकिलाचे काम सोपे आहे. प्रत्येक ठिकाणी मी एवढेच केले : एक खरी गोष्ट घेतली आणि तिच्याशेजारी माणसांचे एक काम ठेवले.

आता गव्हाणेबाईंकडे येऊ. तळ्यावरच्या बेडकाने तक्रार केली आहे की त्याचा आवाज चोरीला गेला. पहिली साक्षीदार आहे चिचुंद्री. तिची नजर अधू असते, ती भिंतीच्या कडेकडेने चालते, आणि तिचा स्वतःचा उग्र वास तिच्याआधी पोहोचतो.

"काकू, त्या रात्री तळ्याजवळ तुम्ही काय पाहिलंत?"

"बाई, मला दिसतं कुठे? मी आपली भिंतीला धरून चालणारी. वास सांगते, चालेल?"

"सांगा."

"आधी ओल्या मातीचा आला. मग बेडकाचा. मग पिसांचा." चिचुंद्री जरा थांबली. "तुमच्याच हो, बाई."

गव्हाणेबाई हलल्या नाहीत. फक्त त्यांची मान सावकाश वळू लागली, कोठाराच्या दारापर्यंत गेली, दार ओलांडून मागच्या खिडकीपर्यंत पोहोचली.

"ते तेवढं करू नका," चिचुंद्री म्हणाली, "माझं काळीज तळव्यात येतं. आणि आधी मला सांगा, तुमची कामाची वेळ संपायला अजून किती आहे?"

या उताऱ्यात विनोदी शब्द एकही नाही. मान, वास, अधू नजर आणि तिसऱ्या पायरीवर केलेला जेवणाचा नियम एवढ्याच सामानावर तो उभा आहे. लिहिताना मी एकदा 'गव्हाणेबाईंनी डोळे बारीक करून तिच्याकडे तिरका कटाक्ष टाकला' असे लिहून गेलो होतो; पहिल्या पायरीचे पान भिंतीवर चिकटवलेले होते म्हणून ते वाक्य खोडले गेले. माणसांचे तयार हावभाव प्राण्याच्या तोंडावर नकळत चिकटतात. खांदे उडवणे, भुवया उंचावणे, ओठ चावणे असे शब्द पहिल्या खर्ड्यात शोधून काढावेत आणि प्रत्येकाच्या जागी त्या प्राण्याचे कान, शेपूट, पिसे किंवा कातडी काय करील ते लिहावे. घोडा नाराज झाला की कान मागे पाडतो, मांजर चिडले की शेपटी आपटते. ही भाषा जास्त अचूक आहे आणि ती मुलांना लगेच कळते.

आवाजांसाठी मराठीत शब्दांचा तुटवडा नाही. गाढव रेकते, घोडा खिंकाळतो, गाय हंबरते, हत्ती चीत्कारतो, कुत्रे भुंकते, गुरगुरते, विव्हळते आणि मार बसला की केकाटते. 'म्हणाला' या क्रियापदाच्या जागी दर वेळी यांपैकी एक बसवू नये, पण रागाच्या किंवा आनंदाच्या भरात पात्राचे माणूसपण सुटते आणि मूळ आवाज निसटतो, तिथे ते फार उपयोगी पडतात.

सहावी पायरी : कथानकाचा उलगडाही प्राण्यातूनच व्हावा

गव्हाणेबाईंच्या गोष्टीत पुढे संशय येतो तो कोकिळेवर. कावळ्याच्या घरट्यात अंडी घातल्यामुळे तिचे नाव आधीच खराब आहे, आणि आवाज चोरण्याचे कारणही तिच्यापाशीच असणार असे सर्वांना वाटते. चौकशीत ती रडकुंडीला येऊन कबूल करते की, आपण जन्मात कधी गायलो नाही, गातात ते आमचे हे, आणि इतकी वर्षे लोक आपले कौतुक करत असताना आपण गप्प बसलो हाच आपला गुन्हा. गव्हाणेबाई शेवटी तळ्याच्या काठावर रात्रभर बसतात, ऐकतात, आणि निकाल देतात : पाऊस संपला आहे. नर बेडूक विणीच्या हंगामात मादीला बोलावण्यासाठी ओरडतात. हंगाम सरला, बोलावण्याचे कारण सरले, आवाज बंद झाला. चोर नाहीच. बेडूक पहिल्याच वर्षीचा असल्यामुळे त्याला हे कोणी सांगितले नव्हते.

कोडे निसर्गाने घातले आणि निसर्गानेच सोडवले, म्हणून बाहेरून जादूगार, खजिना किंवा योगायोग आणावा लागला नाही. कथा अडली की नवे पात्र आणण्याआधी पहिल्या पायरीचे पान पुन्हा वाचावे. निम्म्या वेळा वाट तिथेच सापडते.

तात्पर्य जोडण्याबद्दल माझे मत कडक आहे. प्राणी म्हणजे उपदेशाच्या कडू गोळीवरचे साखरेचे आवरण, असे समजून लिहिलेल्या कथा कंटाळवाण्या होतात, आणि त्यांचा उपयोगही खात्रीचा नाही. टोरोंटो विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१७ साली प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगात ४ ते ६ वर्षांच्या मुलांना वाटून घेण्याबद्दलची एक गोष्ट वाचून दाखवली होती. काहींना माणसांची पात्रे असलेली, काहींना तीच गोष्ट माणसांसारखे वागणारे प्राणी घालून. नंतर आपल्याकडची चिकटचित्रे (स्टिकर) दुसऱ्या मुलांसाठी देताना माणसांची गोष्ट ऐकलेली मुले जास्त उदार झाली, प्राण्यांची ऐकलेल्यांत तशी वाढ दिसली नाही. एका प्रयोगावरून कायदा करू नये. तरी शिकवण देणे हाच हेतू असेल तर सरळ माणसांची गोष्ट लिहावी, आणि प्राणी घ्यायचा तो त्याच्यात रस आहे म्हणून घ्यावा, असे मला वाटते.

सातवी पायरी : मोठ्यांसाठी लिहिताना

मोठ्यांच्या विनोदी पुस्तकात प्राणी बहुधा माणसाकडे बाहेरून पाहणारा निवेदक असतो. इथेही शरीरच कामाला येते. कुत्र्याला लाल आणि हिरवा यांतला फरक नीट कळत नाही, निळा आणि पिवळा कळतो. पण घरातला प्रत्येक माणूस दिवसभर कुठे होता हे त्याला उंबरठ्यावरच कळते. "मालक म्हणाले, कार्यालयात उशीर झाला. मी त्यांच्या पँटचा वास घेतला आणि शेपूट हलवली. या घरात गप्प राहण्याचे मला एक बिस्कीट मिळते." अशा निवेदकाला गाडी, फोन, लग्न या गोष्टी कळल्याच पाहिजेत असे नाही, त्याला जेवढे कळते तेवढेच लिहिले की उरलेले वाचक स्वतः भरतो आणि हसतो. कावळा निवेदक हवा असेल तर त्याला माणसांचे चेहरे लक्षात राहतात हे विसरू नये. सिॲटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठातील संशोधकांनी मुखवटे घालून कावळे पकडले आणि सोडले, तेव्हा पुढे कित्येक वर्षे त्या मुखवट्यावर कावळे कलकलाट करत तुटून पडत राहिले. असा निवेदक आकसाने लिहिणार, आणि आकसाने लिहिलेले निवेदन फार मजेदार होते.

उपहासात एक धोका आहे. प्राण्यांच्या जाती म्हणजे माणसांचे समाज, असा थेट हिशेब केला की 'त्या जातीचे सगळे जन्मतःच तसले' हे म्हणणे लेखकाला नको असतानाही कथेत शिरते. टोचायचे असेल तर पदाला, सवयीला, ढोंगाला टोचावे, जातीला नव्हे. आणि प्रत्येक जातीत निदान एक तरी पात्र वेगळे असावे.

शेवटी चित्रे आणि मोठ्याने वाचन

चित्रपुस्तक बहुधा ३२ पानांचे असते, त्यामुळे चित्रात दिसणारी माहिती शब्दांत पुन्हा लिहिण्याची चैन परवडत नाही. चित्रकाराला मात्र एक वेगळे टिपण द्यावे : प्राणी दोन पायांवर चालतो की चार, वस्तू कशाने धरतो, कपडे घालतो का, आणि उंदीर व हत्ती एका खोलीत असतील तर दाराची उंची कोणाच्या मापाची आहे. हे न ठरवल्यामुळे तिसऱ्या पानावर खूर असलेली शेळी आठव्या पानावर बोटांनी कप धरताना मी पाहिली आहे.

खर्डा तयार झाला की तो मुलांसमोर मोठ्याने वाचावा आणि वाचताना त्यांच्याकडे पाहावे. नंतर 'आवडली का' असे विचारू नये, कारण मुले मोठ्यांचे मन राखतात. मुलांनी मधेच विचारलेले प्रश्न समासात लिहून घ्यावेत. गव्हाणेबाईंची गोष्ट वाचली तेव्हा तीन प्रश्न आले. बाई दिवसा कुठे झोपतात, बेडकाला पुढच्या पावसात आवाज परत मिळाला का, आणि तिसरा मागच्या रांगेतून : "साक्ष संपल्यावर चिचुंद्रीकाकू घरी पोचली ना?" पहिल्या दोघांची उत्तरे मी गोष्टीत घातली. तिसऱ्यासाठी शेवटच्या पानावर एक ओळ वाढवली : चिचुंद्रीकाकूंनी घड्याळ पाहिले, दहा मिनिटे शिल्लक होती, आणि त्या भिंतीला धरून जेवढे पळता येते तेवढे पळाल्या.